पौषातली हळद

कोपरखैरणे गाव
१ ऑक्टोबर १९९५

प्रिय नमू,

शकिलाभाभीचा सलाम. आधी जेवून घे, मग पुढचं वाच. परदेशात गेलीस की तुझ्या पोटात काही जात नाही, हे तुझ्या आईने मला जिन्यात सांगितलं, गच्चीवर सांगितलं आणि काल मासळी घेताना कोळणीसमोरही सांगितलं. आता सगळ्या कोपरखैरण्याला माहीत आहे.

फोनवर बोलता आलं असतं, पण फोन खाली तुमच्या घरात, आणि तुझे बाबा शेजारी सुपारी कातरत बसलेले. मी 'हॅलो' म्हटलं तरी 'काय बोलली?' म्हणून विचारतात. म्हणून हे पत्र.

बातमी अशी, की आमच्या अमरीनचं जमलं. मुलगा म्हसळ्याचा, आतिफ नाव, दोह्याला एसीच्या कंपनीत आहे. तो कमी बोलतो, पण आमची दोघांचं बोलते, तेव्हा काळजी नाही. साखरपुडा झाला, लग्न रमजान ईदनंतर. मुलाची आई बतूलबी मोठी करारी. मुलगी पाहायला आली तेव्हा चहा पिऊन झाल्यावर कपाचा कान जोडलेला आहे का तेही पाहून घेतलं. अमरीन खूश आहे. दोह्याहून पत्र आलं की गच्चीवर जाऊन वाचते आणि खाली येताना चेहरा असा करते, की बघणाऱ्याला वाटावं विजेचं बिल वाचून आली.

तुझ्या सिनेमाचं मी बतूलबीला फुशारकीने सांगितलं. तिचे भाऊ लंडनला असतात. म्हटलं, त्यांना सांगा, आमच्या घरमालकांच्या मुलीचा सिनेमा येतोय तिकडे, जाऊन बघा, आमचीच गोष्ट आहे. मग गोष्टही सांगितली. त्या त्र्याण्णवच्या जानेवारीत खाडीपलीकडे मुंबई जळत होती आणि इकडे रोज नवी अफवा यायची, आज ट्रक भरून माणसं येणार, उद्या येणार. अमरीनच्या अब्बांना, इद्रीसना, महाप्याच्या कंपनीतून घरी यायची भीती वाटायची. तेव्हा तुझ्या बाबांनी आमच्या वरच्या दाराला मांडव घातला, डहाळे बांधले, दिघ्याहून शेवंताबाई धवलारीण आणून दोन संध्याकाळी लग्नाचे धवले गाऊन घेतले, आणि गावभर सांगितलं की वर भाचीची हळद आहे. आगऱ्याच्या हळदीच्या घरात कोण शिरणार? पौष चालू होता, पौषात कुणी हळद लावत नाही, हे गल्लीत आलेल्या पोरांनाही ठाऊक. त्यातला एक म्हणालाच, "पुसान हलद?" तुझी आई दारात उभी राहून म्हणाली, "नवसाची हाय. जेवाला थांबताव का?" पोरं गेली.

बतूलबीने ऐकून डोळे पुसले. एवढंच सांगितलं मी. बाकीचं नाही सांगितलं. तुझ्या आईला दिलेला शब्द दिलेला आहे.

शेवंताबाईचे धवले सिनेमात घेतलेस ना? बाबा विचारत होते, पिक्चरमध्ये काय हाय. मी म्हटलं, तुमचंच घर आहे. तेव्हापासून पुढच्या भिंतीला रंग काढायचं म्हणतायत.

तुझी,
शकिलाभाभी


लंडन
१९ नोव्हेंबर १९९५

प्रिय शकिलाभाभी,

जेवले. उकडलेले बटाटे होते, आईला सांगा भात होता.

अमरीनचं वाचून इतकं बरं वाटलं, की इथल्या खोलीतल्या जर्मन मुलीलाही सांगितलं. तिने विचारलं, मुलीने मुलाला पाहिलंय का? मी म्हटलं, पत्रं गच्चीवर वाचते. तिला काही कळलं नाही.

'वरचा मजला' परवा दाखवला. भाभी, मला वाटलं होतं पंधरावीस माणसं येतील. सगळ्या खुर्च्या भरल्या, काही लोक पायऱ्यांवर बसले. संपल्यावर सगळे उभे राहून टाळ्या वाजवायला लागले. एक म्हातारी बाई माझा हात धरून रडली. तिच्या लहानपणी तिच्या घरच्यांनी जीव वाचवायला नाव बदललं होतं म्हणाली, युद्धात. आपल्या कोपरखैरण्याची गल्ली, आपला जिना, ती गच्चीवरची पाण्याची टाकी बघून लंडनमधली माणसं रडली, याचा अर्थ कळतोय ना तुम्हाला? आपल्याकडे एकही थेटर हा सिनेमा लावायला तयार नाही, आणि इथे पुढच्या चार देशांतून बोलावणं आलंय.

एक गोष्ट आधीच सांगते, म्हणजे दुसऱ्याकडून कळायला नको. हळदीचा प्रसंग मी बदललाय. सिनेमातला घरमालक सुरुवातीला गोड बोलतो. मग वरच्या मजल्यावरच्या मुसलमान मुलीला पाटावर बसवतो, तिचं मनगट आवळून धरतो. बायका तिला हळद फासतात, कुंकू लावतात, शेजारी गावातला एक पोरगा आणून बसवतात. वाचायचं असेल तर आमच्यासारखं व्हा, असं. मुलगी रडत नाही, सरळ कॅमेऱ्याकडे बघते. बाबांना यातलं काही सांगू नका. ते काय पाहणार आहेत.

नंतर लोकांनी प्रश्न विचारले. पहिलाच प्रश्न, हे खरं घडलंय का? मी म्हटलं, हो, माझ्या वडिलांच्या घरात. ती मुलगी अजून तिथेच वर राहते आणि आता तिचं लग्न ठरलंय. पुन्हा टाळ्या. नाव मी कुणालाच सांगितलं नाही, तुम्ही निश्चिंत असा.

बतूलबींचे एक भाऊ, म्हसळ्याचे मामूही आले होते. बाहेर थांबून त्यांनी एकच विचारलं, "कोपरखैरण्यातच ना?" मी हो म्हटलं. त्यांना इतकं भरून आलं होतं, की चहा न घेताच निघून गेले.

तुमची,
नमिता


कोपरखैरणे गाव
१७ डिसेंबर १९९५

नमू,

मामूंना भरून आलं नव्हतं. त्यांनी बाहेर पडून म्हसळ्याला फोन लावला.

पाच तारखेला बतूलबी आली, सोबत दोन दीर. या खेपेला चहा घेतला नाही. म्हणाली, "तुमी मांडवाचं सांगितलंत, धवल्यांचं सांगितलंत. पाटावर कोन होतं ते सांगितलं नाय." मी म्हटलं, घरमालकांची भाची. "नाव काय भाचीचं? कुठे असते? आमाला दाखवा." नमू, भाची असती तर दाखवली असती ना. मी गप्प बसले, आणि माझ्या गप्प बसण्यातच त्यांना उत्तर मिळालं. त्यांच्या मनात असं बसलंय, की आमची मुलगी एकदा दुसऱ्याच्या हळदीला बसली, शेजारी दुसरा मुलगा होता, आणि आम्ही हे लपवून त्यांच्या गळ्यात मारतोय. लग्न थांबवलंय. मोडलं म्हटलं नाही, थांबवलं म्हटलं. आतिफची पत्रं थांबली आहेत.

तुझा सिनेमा अमरीनने पाहिलेला नाही, पण म्हसळ्यापासून मोरब्यापर्यंत सगळ्यांना तो तोंडपाठ आहे, तोही न बघता. 'मुलीच्या तोंडालाच कुंकू फासलं म्हणे' असं एका बाईने माझ्या नणंदेला बाजारात सांगितलं.

पाटावर तू होतीस. हे तुला माहीत आहे, मला माहीत आहे, तुझ्या आईबाबांना माहीत आहे. तू पुण्याहून सुट्टीला आलेली होतीस. डोक्यावरून पदर ओढून तुला बसवलं, शेवंताबाई दिघ्याची, तिने तुला कधी पाहिलं नव्हतं, ती गात राहिली. शेजारी कुणी पोरगाबिरगा नव्हता, माझा पितळी तांब्या होता. मांडव उतरल्यावर तुझ्या आईने मला अमरीनच्या डोक्यावर हात ठेवायला लावला आणि म्हणाली, "भाभी, कोनाला बोलू नको. हलद लागली नि लगीन नाय झालं, आनि ती पन पुसान. माज्या पोरीला कोन करील?" लग्न लागल्यावर हळद विधीने उतरवतात, तुझी तशीच राहिली, हे ती अजून पोळ्या लाटताना म्हणते. मी शब्द दिला, तीन वर्षं पाळला. इद्रीस म्हणतात, सांगून टाक. मी म्हणते, अमरीनच्याच डोक्यावर हात ठेवून दिलेला शब्द अमरीनसाठी कसा मोडू?

तू बदललंस म्हणतेस. तू प्रसंग बदलला नाहीस, मुलगी बदललीस.

आता तूच सांग, मी म्हसळ्याला काय कळवू. आईला विचारायची माझ्यात हिंमत नाही. तुझ्या तोंडून 'सांगा' एवढं आलं तरी मला पुरे आहे. लवकर कळव.

शकिला


अ‍ॅमस्टरडॅम
३० जानेवारी १९९६

भाभी,

तुमचं पत्र लंडनच्या पत्त्यावर पडून होतं, ते काल हातात पडलं. काल मी काही खाल्लं नाही, हे आईला सांगा हवं तर.

मला खूप वाईट वाटतंय. ते आधी म्हणते, कारण पुढचं वाचून तुम्हाला ते खरं वाटणार नाही.

सिनेमा म्हणजे फोटो नसतो. मी माझीच गोष्ट दाखवली असती, तर ती एका आगरी मुलीची गोष्ट झाली असती, बापाने न विचारता पाटावर बसवलेल्या. ती कोण बघणार? त्या जानेवारीत जीव कुणाचा टांगणीला होता? तुमचा. मग पाटावर तुमची मुलगीच हवी होती. लोकांना दिसायला हवं, की नुसतं वाचण्यासाठीही तुम्हाला दुसरं कुणीतरी व्हावं लागलं. हे खोटं आहे का? मांडव होता तोवर इद्रीसभाईंना सगळे 'ईश्वरभाई' म्हणत होते आणि ते 'ओ' देत होते, मी ऐकलंय. नमाजाला ते आमच्या भाताच्या कणगीमागे बसायचे. ते सगळं मी कुठे दाखवू, कुणाच्या चेहऱ्यावर?

आणि माझं म्हणाल, तर बाबांनी मला विचारलं नाही. वरून खाली आले, माझं मनगट धरलं, म्हणाले, "चल, पाटावर बस." आईने पदर ओढला. मी तेवीस वर्षांची होते, भाभी, बाहुली नव्हते. सगळ्यात हाताशी कोण, तर घरातली मुलगी. पुढे तळवलीचं स्थळ आलं आणि कुणीतरी काहीतरी बोललं म्हणून परत गेलं, तेव्हाही मला कुणी काही सांगितलं नाही. मनगट आवळलेलं मी दाखवलंय ते माझं आहे. ते मी खोटं दाखवलेलं नाही.

म्हसळ्याच्या लोकांना सांगा, की सिनेमा काल्पनिक आहे. तेवढ्याने भागायला हवं. माझं नाव मात्र आत्ता नको. इथल्या पेपरांत 'सत्यकथा' म्हणून छापून आलंय, मार्चमध्ये पॅरिसला बक्षिसाचा निकाल आहे. एप्रिलमध्ये मी येते, स्वतः म्हसळ्याला जाते, सगळं नीट करते. दोन महिन्यांचा प्रश्न आहे.

नमिता


कोपरखैरणे गाव
२७ फेब्रुवारी १९९६

नमू,

ईद झाली. तुझ्या आईने नेहमीप्रमाणे तांदळाच्या भाकऱ्या करून पाठवल्या आणि आम्ही खीर पाठवली. हे लिहिते, कारण बाकी काहीच नेहमीसारखं नाही.

ईदच्या दुसऱ्या दिवशी म्हसळ्याहून एक कॅसेट आली. मामूंनी लंडनहून पाठवलेली. चिठ्ठी नाही. दुपारी आमच्या व्हीसीआरवर लावली, आणि आवाज ऐकून तुझे बाबा वर आले. मी बंद करायला उठले, तर म्हणाले, "ऱ्हाऊ दे. माजाच घर हाय ना?" खाली मांडी घालून बसले. पुढच्या भिंतीचा नवा रंग सिनेमात नाही म्हणून आधी हळहळले. मग घरमालक आला, आणि ते बोलायचे थांबले.

संपल्यावर अमरीनला म्हणाले, "हलदीचा परत लाव." तिने मागे घेऊन लावला. परत पाहिला. मग म्हणाले, "ही अमरीन हाय?" मी मान हलवली. "आनि ह्यो मी?" मी उठून टीव्ही बंद केला. ते स्वतःच्या हाताकडे बघून म्हणाले, "मी धरला होता हात. पन असा दाबून नाय धरला. पोरीचा हात थंड झालता." आणि खाली गेले. त्यांना आतापर्यंत कुणी सांगितलंच नव्हतं, की लग्न कशाने थांबलंय. आम्ही देण्याघेण्याचं काहीतरी कारण सांगितलं होतं.

आता तुला एक सांगते. तुझं पत्र वाचेपर्यंत मला वाटत होतं, हे तुला ठाऊक आहे. त्या संध्याकाळी शेवंताबाई अडून बसली, रिकाम्या पाटापुढे धवला गाणार नाही म्हणाली. पोरं नाक्यापर्यंत आल्याचं कळलेलं. तेव्हा इद्रीसनीच अमरीनला पुढे केलं. हिला साडी नेसवा, हिला बसवा, म्हणाले. मीही हो म्हटलं, मी तर कुंकवाची डबी मागितली. तुझे बाबा म्हणाले, "नाय. ती तुमची हाय. उद्या तुमच्यात कोन काय बोलला तं? दुसऱ्याच्या पोरीला हलद नाय लावनार मी." आणि जिना उतरून खाली गेले. तुला घेऊन वर आले. नमू, तू हाताशी होतीस म्हणून नाही. अमरीनला लागू नये म्हणून.

कॅसेट पाहिल्याच्या दुसऱ्या सकाळी ते इद्रीसना घेऊन एसटीने म्हसळ्याला गेले. धुतलेला सदरा, टोपी, हातात पेढे. तुझ्या आईला विचारून गेले. ती फक्त एवढंच म्हणाली, "जा. भाभीची पोरगी ती आपली पोरगी." शब्द तिनेच मोडला, मला मोडावा लागला नाही.

तिथे सगळे जमले होते. तुझे बाबा उभे राहून म्हणाले, "हलद माज्या पोरीला लावली. नमिताला. तुमच्या सुनेला हात नाय लावला कोनी." मग बतूलबी बोलली. तिचे शब्द मी तसेच लिहिते. "तुमी भले दिसता. पन सिनेमातला घरमालकही पयला भलाच दिसतो. मी तुमच्या लोकांत वाढले. तुमच्यात पुसात हळद म्हंजे अपशकून. कोन बाप आपल्या पोरीला लावील? दुसऱ्याचीच पोर बसवनार ना?"

बाबा परत बसले. पेढे तसेच परत आणले. एसटीत इद्रीसना म्हणाले, "ती बाय खरं बोलली. कोन लावील?"

मुसलमानांबद्दल लोकांच्या मनातलं जावं म्हणून तू सिनेमा केलास, मला त्यात शंका नाही. पण माझ्या मुलीसाठी एक हिंदू माणूस शंभर मैल गेला आणि तुझ्या सिनेमामुळे त्याचं कुणी खरं मानलं नाही. आता फक्त तुझं मानतील. मार्चच्या निकालाचं मी काही म्हणत नाही, तुझं तू बघ.

शकिला


पॅरिस
१४ मार्च १९९६

शकिलाभाभी,

पत्र काल मिळालं. आज सिनेमा होता. संपल्यावर टाळ्या झाल्या, आणि नेहमीचा प्रश्न आला, हे खरं आहे का? मी म्हटलं, घर खरं आहे, मांडव खरा आहे, पाटावरची मुलगी मी आहे. वरच्या मजल्यावरच्या मुलीला कुणी हात लावला नाही, कारण माझ्या वडिलांनी लावू दिला नाही. हे मला कालपर्यंत माहीत नव्हतं.

भाषांतर करणारी बाई मध्येच थांबली. तिने मला विचारलं, हे नक्की सांगायचंय? मी म्हटलं, सांगा. मग मागून एक माणूस उठून म्हणाला, "मग त्या मुसलमान मुलीचं पुढे काय झालं?" मी म्हटलं, या सिनेमामुळे तिचं लग्न मोडायला आलंय. कुणी टाळी वाजवली नाही. बाहेर महोत्सवाच्या लोकांनी नीट शब्दांत सांगितलं, की निकालाची वाट पाहायची गरज नाही. दोन ठिकाणची बोलावणी संध्याकाळपर्यंत रद्द झाली. हे तुमच्या कानावर असावं म्हणून लिहिते, मोबदला म्हणून नाही.

बतूलबींना याच टपालाने वेगळं पत्र पाठवलंय, मराठीत, माझ्या सहीने. आई, बाबा, शेवंताबाई, पौष, तांब्या, सगळं लिहिलंय. हवं तर त्यांनी ते सगळ्या म्हसळ्याला वाचून दाखवावं. तळवलीलाही दाखवावं. लंडनला मामूंच्या घरीही फोन केला. त्यांनी ऐकून घेतलं आणि फोन ठेवला.

मी ते मनगट आठवायचा प्रयत्न करतेय. हात घट्ट होता एवढंच आठवतं. थंड कुणाचा होता ते आठवत नाही. इतकी वर्षं मला वाटलं, मला सगळं आठवतंय, आणि त्यावर मी सव्वा तासाचा सिनेमा केला.

बाबा काही म्हणाले का? लिहायची इच्छा नसेल तर नका लिहू. अमरीनला काय लिहू ते सुचत नाही.

नमिता


कोपरखैरणे गाव
१२ एप्रिल १९९६

नमू,

तुझं पत्र म्हसळ्याला पोचलं. बतूलबी ते घेऊन स्वतः आली, एकटी. आधी खाली तुमच्या घरी गेली. तुझ्या आईला म्हणाली, तुमच्या पोरीचं पत्र मी तीनदा वाचलं, माझं चुकलं. दोघी थोडा वेळ बसल्या. मग ती वर आली आणि तिने मला सांगितलं, की महिन्यापूर्वीच त्यांनी गोरेगावच्या एका मुलीला शब्द दिलाय. आतिफ सुट्टीवर आला होता, सुट्टी संपत होती, घाई झाली. ती मुलगीही कुणाची तरी मुलगीच, तिला आता नाही कसं म्हणायचं, म्हणाली. खरं आहे. मीही नाही म्हटलं असतं का, माहीत नाही.

साखरपुड्याची अंगठी अमरीनने स्वतः आणून दिली. बशीत घालून आणली. बतूलबीने कप पाहिला होता तशी ती बशी निरखली नाही. गच्चीवर ती आता जात नाही, कपडे वाळत घालायलासुद्धा. वाशीला टायपिंगच्या क्लासला जाते आणि सरळ घरी येते. रात्री मला वाटतं रडते, सकाळी विचारलं तर झोप लागली होती म्हणते.

तुला माफ केलं, असं लिहायला बसले होते. ते आज जमत नाही. तू पॅरिसला उभी राहिलीस, त्याची किंमत मला कळते, पण ते जानेवारीत करायला हवं होतंस. ज्या मुलीला हळद लागली नाही तिचं लग्न हळदीने मोडलं, आणि जिला लागली ती जगभर फिरतेय. मला राग आहे. तो लपवून चांगलं पत्र लिहिता येईल, पण आपल्यात लपवण्याने काय होतं ते आपण पाहिलं.

मी लिहीत बसलेली पाहून अमरीनने विचारलं, ताईला का? दोन महिन्यांत पहिल्यांदा तुझं नाव काढलं. म्हणाली, "लिही तिला, सिनेमातली मुलगी कॅमेऱ्याकडे बघत बसते, मी तशी बसले नसते. मी उठून पळाले असते."

तुझी आई म्हणते, नमीची हलद आता उतरवाचीच, लगीन होवो नायतर न होवो. पौषात लावली ती वैशाखात उतरवू, कुणाला विचारायचं नाही. लपवायचंही नाही आता, सगळ्या गावाला कळलंय. दिघ्याला शेवंताबाईकडे निरोप गेला. आधी ती म्हणाली, लग्नाशिवाय हळद उतरवायचं गाणं नाही. मग तुझ्या आईने तिला सगळं सांगितलं, तेव्हा म्हणाली, बघते, काहीतरी गाईन.

तुझे बाबा कॅसेटबद्दल पुन्हा बोललेले नाहीत. परवा त्यांनी तो पाट माळ्यावरून काढला, धुतला आणि गच्चीवर उन्हात ठेवला. मी टाकीजवळ होते. विचारलं, दादा, ती आली तर बसेल का पाटावर? ते पाटावरचं पाणी हाताने निपटत म्हणाले, "तिला इचार. मागल्या टायमाला मी इचारलं नवतं."

म्हणून विचारते आहे.

शकिला